तीन पंप, चौथा नाही

आमच्या मजल्यावर चार दारं आहेत आणि त्यातल्या तीन दारांमागचं सगळं मला जागेवरून न उठता कळतं. शिंपीणबाईंचं दार फरशीला घासतं. ते घासलं की समजायचं, बाई कपडे पोचवायला निघाल्या, आता तास-दीड तास घरात नवऱ्याचं राज्य. कोपऱ्यातल्या दाराची कडी सैल आहे. घरच्यांना ती एका झटक्यात लागते, जावयाला तीनदा खडखडवावी लागते. त्यामुळे जावई आला की त्याच्या सासूच्याही आधी मला कळतं. तिसरं दार आमचंच. ते आमचे हे आपटतात, त्यात बातमी काही नसते. राहिलं समोरचं. ते वाजतच नाही. सोळा वर्षं मी त्या दारासमोर राहते, पण आतला माणूस घरी आहे की बाहेर, हे बघायला मला अजून उठावं लागतं. शेजाऱ्यांच्या दृष्टीने ही फार गैरसोयीची गोष्ट आहे.

त्या दाराच्या बिजागऱ्यांना दर तीन महिन्यांनी तेल मिळतं. वरच्या बिजागरीला एक थेंब, मधल्या आणि खालच्या बिजागरीलाही तेवढाच. दारामागे खिळ्याला पुठ्ठ्याचं एक कार्ड लटकतं, त्यावर तारीख आणि सही. शिवणयंत्राला असंच कार्ड, पंख्याला कार्ड, मिक्सरला कार्ड. सही सगळीकडे एकाच माणसाची, जणू दुसरा कोणी येऊन तपासणार आहे. ताई होती तेव्हा, म्हणजे त्यांची बायको, ती मला म्हणायची, "एक कार्ड माझ्या गळ्यात बांधायचं राहिलंय बघ. बांधलं तर बरं होईल, तीन महिन्यांतून एकदा विचारपूस तरी होईल." आणि हसायची. तिचं हसणं दोन मजले खाली ऐकू जायचं. त्या दारावर मात्र तिचा खरा राग होता. "हे कधी येतात ते कळतच नाही. मान वळवावी तर मागे उभे. अहो, जरा वाजू द्या की ते दार, माणूस आल्यासारखं वाटतं." यावर ते गंभीरपणे सांगायचे की वाजणारी बिजागरी म्हणजे झिजणारी बिजागरी. असा तो संसार.

आमच्या घरापासून चालत वीस मिनिटांवर पुठ्ठ्याची खोकी बनवणारा कारखाना आहे. समोरचे गृहस्थ तिथे मेंटेनन्सचे मुख्य फिटर आणि आमचे हे तिथेच स्टोअर सांभाळतात. त्यामुळे मी त्यांना भाऊजी म्हणते, ते मला वहिनी. कारखान्यात मात्र त्यांना त्यांच्या नावाने कोणी ओळखत नाही. तिथे ते 'तीनपंप'.

त्याचं असं आहे. कारखान्यात एक मोठी मोटर आहे. तिच्यावर कागद ओढणारे सगळे रोलर फिरतात. ती थांबली की दीडशे माणसं हात बांधून उभी. तिच्या बेअरिंगला दर सहा आठवड्यांनी ग्रीसगनचे तीन पंप मारायचे. तेही मोटर चालू असताना आणि खालचं बूच काढून, म्हणजे आतलं जुनं ग्रीस बाहेर पडतं आणि नव्याला जागा होते. मग मोटरला बांधलेल्या कार्डावर तारीख, पंप आणि सही. नवा माणूस कामाला लागला की भाऊजी त्याला मोटरपुढे उभा करणार आणि सांगणार, "तीन पंप. चौथा नाही." कोणी विचारलंच का, तर उत्तर ठरलेलं. "उपाशी बेअरिंग ओरडतं. तुला ऐकू येतं, तू धावतोस. जास्त खाल्लेलं बेअरिंग गप्प राहतं आणि एक दिवस जळतं." हे वाक्य मला पाठ आहे, कारण आमच्या घरी जेवायला बसले की दुसऱ्यांदा भात वाढताना तेच ऐकायला मिळायचं.

फाटकाशी एक बोर्ड आहे. 'न थांबता चाललेले दिवस' असं लिहिलेलं आणि खाली पत्र्याचे आकडे. रोज सकाळी कामावर शिरताना भाऊजी स्वतःच्या हाताने आकडा बदलायचे. आमचे हे एकदा म्हणाले, "आपल्या लग्नाला असा बोर्ड लावला असता तर आकडा कधी नऊच्या पुढे गेला नसता."

"सातच्या," मी म्हटलं, आणि आकडा तिथेच शून्यावर आला.

भाऊजींचा आकडा हजाराच्या पुढे होता.

ताई गेली त्याला आता दोन वर्षं होतील. पोटात दुखतंय म्हणाली, तपासण्या झाल्या, पाच आठवड्यांत खेळ संपला. मुलगी दूरच्या शहरात नोकरीला. ती आली, पंधरा दिवस राहिली, आईचे कपडे आवरले आणि गेली. तिला जावंच लागणार होतं. भाऊजी तिसऱ्या दिवशी कामावर हजर झाले, कारण मोटरच्या कार्डावर तारीख होती.

सहा दिवस त्यांचे बरे जायचे. घोळ होता तो रविवारचा. कारखाना बंद, घर आवरलेलं, सगळ्या वस्तू तेलपाणी होऊन गप्प. सुरुवातीला त्यांनी तो दिवस मुलीवर काढला. सकाळी फोन, दुपारी फोन, संध्याकाळी फोन. गॅसचं बटण बंद केलंस का, पाण्याची टाकी कधी धुतली, पंखा कुरकुरतो का. हळूहळू रविवारचे फोन बुधवारीही जायला लागले. शेवटी मुलगीच म्हणाली, "बाबा, आपण असं करू या का, रविवारी अकराला निवांत बोलत जाऊ." तिने प्रेमानेच सांगितलं असणार, पोरगी गोड आहे. भाऊजींनी मला सांगितलं तेव्हा त्यांच्याही तोंडावर तक्रार नव्हती. "ठरलंय आता. दर रविवारी, अकरा वाजता." एखादं वेळापत्रक नक्की झाल्यासारखे म्हणाले.

मग एका रविवारी सकाळी मी त्यांना जिना उतरताना पाहिलं. धुतलेला शर्ट, हातात डबा. पुढच्या रविवारी तसंच. त्याच्या पुढच्या रविवारी केसही विंचरलेले. आता बायको जाऊन आठ-नऊ महिने झालेला माणूस सुट्टीच्या दिवशी इस्त्रीचा शर्ट घालून डबा घेऊन कुठे जातो, हा प्रश्न काही मी एकटीने विचारला नाही. शिंपीणबाईंनीही विचारला. मी फक्त उत्तर सुचवलं.

"कोणीतरी असणार," मी म्हटलं.

"या वयात?" शिंपीणबाई म्हणाल्या, पण त्यांचे डोळे चमकले.

"छप्पन्न म्हणजे काय वय आहे? आणि डबा नेतात म्हणजे तिला स्वयंपाक येत नसणार."

आठवडाभरात ती बाई तयार झाली. कोपऱ्यातल्या सासूबाईंनी तिला विधवा ठरवलं, शिंपीणबाईंनी तिला उंच केलं आणि मी तिला चष्मा लावला. आमच्या ह्यांना विचारलं तर हे म्हणाले, "तो कारखान्यात जातो गं." पण ज्याला घरातली साखर कुठे असते ते माहीत नाही, त्याचा भरवसा कसा धरायचा?

काही महिन्यांनी एका शनिवारी संध्याकाळी भाऊजी आमच्याकडे वर्तमानपत्र वाचत बसले होते, ते वाचायचा चष्मा टेबलावर विसरून गेले. मी ह्यांना तो परत नेऊन देऊ दिला नाही. रविवारी पावणेअकराला मी पदर खोचून निघाले.

फाटकावरच्या रखवालदाराने मला ओळखलं. "आतच आहेत ते," म्हणाला. "दर रविवारी येतात. साहेबांचा पास आहे त्यांच्याकडे."

"एकटेच असतात?"

"मग काय जत्रा भरते? मी तर दिवेपण एका बाजूचेच लावतो."

एवढा मोठा कारखाना मी बंद कधी पाहिला नव्हता. ह्यांच्याबरोबर एक-दोनदा गेले होते तेव्हा तिथे बोलायचं म्हणजे कानात ओरडावं लागायचं. आता माझ्या चपलांचा आवाज मलाच नकोसा झाला. कागदाचे रीळ रांगेत उभे, रोलर गार, वरच्या काचांतून येणाऱ्या उजेडाचे चौकोन जमिनीवर पडलेले. पार टोकाला एका स्टुलावर भाऊजी बसले होते. समोर मोटर. एवढी मोठी, हिरव्या रंगाची, दाराएवढी उंच. अंगावर एक डाग नाही. तिच्या कडेवर त्यांनी डबा ठेवला होता आणि ते फोनवर बोलत होते.

"हो. हो, जेवतो. नाही, नाही, तू आवर तुझं. हो. पुढच्या रविवारी."

फोन ठेवून त्यांनी घड्याळात पाहिलं. मग मी दिसले.

"सात मिनिटं झाली आज," ते म्हणाले, जणू मी ते विचारायलाच इतकं चालत आले होते.

मी चष्मा दिला. खरं कारण त्यांच्या लक्षात आलं असावं, कारण मी स्टुलाच्या मागे, खांबाच्या मागे आणि रिळांच्या मागे बघत होते. "कोणी नाही वहिनी," ते म्हणाले. "बघा हवं तर वरसुद्धा."

"मी कुठे काय म्हटलं?"

"शिंपीणबाईंनी परवा विचारलं मला, उंच आहे का म्हणून."

मी घाईघाईने पदर सारखा केला. मग त्यांनी आपणहून सांगितलं. साहेबांकडे मागून घेतलेला पास आहे, रविवारच्या पाहणीसाठी, पगाराशिवाय. दर सहा महिन्यांनी नवी सही लागते. "नोकरीच्या मुलाखतीला मी वाक्य पाठ करून गेलो नव्हतो. ती सही मागायला जाताना पाठ करून जातो. हा पास गेला तर रविवारचं काय करायचं ते मला माहीत नाही, वहिनी."

मी काहीतरी गंमत करणार होते, पण ते उठले होते. मोटरभोवती फिरले, कापडाने एक जागा पुसली, ती पुसलेलीच होती. नट चाचपले, ते घट्टच होते. मग त्यांनी ग्रीसगन उचलली आणि बेअरिंगला लावली. एक पंप. दुसरा पंप. कापडाने गनचं तोंड पुसलं आणि ती जागेवर ठेवली.

"हे काय," मी म्हटलं, "तीनपंप म्हणवता आणि दोनच? मापात मारता होय?"

ते एकदम लहान मुलासारखे ओशाळले. "हे कार्डावरचं नाही. हे असंच."

घरी येऊन मी बायकांना सांगितलं की ती उंच आहे, हिरवी साडी नेसते आणि अजिबात बोलत नाही. ती मोटर आहे हे कळायला शिंपीणबाईंना चार दिवस लागले.

त्या दोन पंपांचा मी पुन्हा विचार केला नाही. मी कशाला करीन? मला ग्रीसचं काय कळतं?

मंगळवारचा दिवस होता, त्यानंतर दोन-अडीच महिन्यांनी. हे दुपारी फोन न करता घरी आले, दार न आपटता. मला वाटलं ह्यांनाच काहीतरी झालं.

"मोठी मोटर बसली," हे म्हणाले. "बेअरिंग जळलं."

अकराच्या सुमाराला जळका वास आला, मग एक किंचाळी आणि सगळे रोलर जागच्या जागी. मोटर उघडली तर बेअरिंग ग्रीसने गच्च भरलेलं, बोट शिरायला जागा नाही. गोळ्यांना फिरायला वाव न राहता ते ग्रीसच घुसळून घुसळून तापलं, करपलं आणि आतला दांडाही खराब करून गेलं. तो दांडा कातून घ्यायला बाहेर पाठवला. अडीच दिवस कारखाना बंद. फाटकावरच्या बोर्डाचे आकडे भाऊजींनीच काढले आणि शून्य लावलं. हे सांगत होते, शून्य सापडेना म्हणून ते खोक्यात शोधत बसले होते. इतक्या दिवसांत एक शून्य एकटं लावायची वेळच आली नव्हती.

"कोणाची चूक?" मी विचारलं.

"कार्डावर शेवटची सही दुसऱ्या पाळीच्या तेलवाल्याची. त्याने तीनच्या जागी दहा-बारा पंप मारले असणार, असं साहेबांचं म्हणणं."

हा तेलवाला म्हणजे यंत्रांना तेल-ग्रीस देणारा माणूस, तिशीतला, अबोल, भाऊजींच्याच हाताखाली शिकलेला. भाऊजींना मास्तर म्हणायचा. पुढच्या महिन्यात तो कायम होणार होता. त्याच्या कागदावर आता साहेबांनी सही थांबवून ठेवली होती.

मी भाजी चिरत होते. सुरी थांबली. मला ती रविवारची सकाळ आठवली, एक पंप, दुसरा पंप, हे असंच. मी वर पाहिलं तर हे माझ्याकडे बघत होते आणि मी बघितल्यावर त्यांनी नजर पंख्याकडे नेली. आता हे स्टोअर सांभाळतात. गनमध्ये भरायच्या ग्रीसच्या नळ्या ह्यांच्या हातून जातात. थंडीपासून नळ्या लवकर संपतायत, हे ह्यांना कळलेलं नसेल, असं कसं होईल? मी ह्यांना काही सांगितलं नाही, ह्यांनी मला काही सांगितलं नाही. दोन दिवस आम्ही एकमेकांशी इतके नीट वागलो की शिंपीणबाईंनी विचारलं, "भांडण झालंय का?"

आणि मी, जिच्या पोटात तीळ भिजत नाही असं माझी सख्खी आई म्हणायची, मी तोंडाला कुलूप लावून बसले. ह्या वयात ही शिक्षा फार झाली.

गुरुवारी संध्याकाळी भाऊजी आमच्या दारात उभे. दार आमचं उघडंच होतं. आत आले, बसले. मी चहा ठेवला पुढे. त्यांनी कपाचा कान धरून तो बशीत अर्धा फिरवला, पुन्हा अर्धा फिरवला.

"ग्रीसच्या नळ्या किती गेल्या?" त्यांनी ह्यांना विचारलं.

"पाहिलं नाही मी," हे म्हणाले.

"तुम्ही रोज पाहता."

 मग भाऊजी माझ्याकडे वळले. "वहिनी, तुम्ही त्या दिवशी बघितलं होतं."

"मी कशाला मोटर बघतेय?" मी म्हटलं. "मी बाई बघायला आले होते."

त्यांच्या तोंडाचा कोपरा हलला, तेवढाच. मग म्हणाले, "तो मला सांगून गेला होता. मागच्या वेळी ग्रीस देऊन आला आणि म्हणाला, मास्तर, तिसरा पंप फार जड गेला. मी म्हटलं, गारठ्याने घट्ट झालं असेल. असं मी म्हटलं. मी." कप पुन्हा फिरला. "आज साहेबांनी त्याला तीनदा विचारलं, तुला काही वेगळं वाटलं होतं का. तीनदा तो नाही म्हणाला."

"का पण? सांगून मोकळं व्हायचं की."

"माझ्याकडे बघत होता."

खाली रस्त्यावर कोणीतरी स्कूटरला किक मारत होतं, ती लागत नव्हती. इतर वेळी भाऊजी खिडकीतून वाकून त्याला सांगायचे, प्लग काढून पूस. आज ते ऐकतही नव्हते.

"सांगितलंत तर पास जाईल," हे म्हणाले.

"हो."

"नाही सांगितलंत तर तो..."

"हो."

"इतकी वर्षं दुसऱ्यांना शिकवलंत," मी न राहवून म्हटलं. "चौथा नाही, चौथा नाही. मग तुम्हालाच कसं कळलं नाही?"

"कळत होतं," ते म्हणाले. "दर वेळी कळत होतं. बंद मोटरला द्यायचं नाही, तेही कळत होतं. वाटायचं, दोनच तर आहेत. आणि एवढं चालत जायचं, एवढा वेळ बसायचं आणि काहीच न करता परत यायचं?" मग चहा तसाच ठेवून ते उठले.

ते गेल्यावर मी थोडा वेळ कान देऊन बसले. पण ते दार. ते उघडलं की नाही, ते कसं कळणार? शेवटी उठून पाहिलं, तर भाऊजी अजून दोन दारांच्या मधे, जिन्याच्या कठड्याला हात लावून उभे होते. मी परत आत आले.

शुक्रवारचं सगळं ह्यांनी पाहिलेलं. साहेबांच्या टेबलावर ट्रेमध्ये ते जळकं बेअरिंग ठेवलेलं, तेलवाला भिंतीशी, आमचे हे नळ्यांची वही काखेत घेऊन दाराशी. भाऊजी आले, मोटरचं कार्ड बरोबर घेऊन. ते उलटं करून साहेबांपुढे ठेवलं. मागच्या कोऱ्या बाजूवर पेन्सिलीने बारीक अक्षरांत बावीस तारखा लिहिल्या होत्या, सगळे रविवार. प्रत्येकीपुढे 'दोन पंप' आणि प्रत्येकीपुढे सही. रात्रभर बसून आठवून लिहिलं असणार. पण मला विचाराल तर त्यांना आठवावं लागलं नसेल.

साहेबांनी ते दोनदा वाचलं. "मोटर बंद असताना?"

"बंद असताना."

"तुम्ही?"

"मी."

"पण का?"

भाऊजींनी जरा विचार केला. "आलो होतो म्हणून," ते म्हणाले.

यावर साहेबांनी कार्ड बाजूला ठेवलं. त्यांनी तेलवाल्याला जायला सांगितलं. तो मास्तरांच्या बाजूने जाताना थांबला, मग गेला. मग साहेब म्हणाले, "चूक माझीच आहे. दीड वर्ष तुम्ही एकही सुट्टी घेतली नाहीत आणि मी पासावर सह्या करत राहिलो. आता रविवारी घरी आराम करा." आणि त्यांनी हात पुढे केला. भाऊजींनी खिशातून पास काढला. प्लास्टिकच्या पाकिटात घालून जपलेला. तो पाकिटातून काढून दिला आणि रिकामं पाकीट परत खिशात ठेवलं.

"शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं," हे मला म्हणाले. "शिव्या खाऊन माणूस घरी येतो, जेवतो. हे आराम करा म्हणजे फार झालं."

तेलवाला पुढच्या महिन्यात कायम झाला. सांगायला समोर आला होता. दोघांनी पाच मिनिटांत मिळून सात शब्द वापरले असतील. जाताना तो म्हणाला, "मास्तर, तीनच." भाऊजी म्हणाले, "तीनच."

पहिल्या रविवारी भाऊजी इस्त्रीचा शर्ट घालून, डबा घेऊन जिना उतरले. मी दाराच्या फटीतून बघत होते. दहा मिनिटांनी ते डबा घेऊन वर आले. दुसऱ्या रविवारी मी ह्यांना समोर पाठवलं, जा, गप्पा मारा. दोघं पुरुष अर्धा तास पंख्याखाली बसले आणि दोघांनी मिळून चारदा 'हं' म्हटलं. तिसऱ्या रविवारी मी माझा मिक्सर पुढे केला. म्हटलं, घरघर करतोय, बघता का. त्यांनी झाकण काढलं, कान लावला, पातं बोटाने फिरवलं आणि झाकण परत लावलं.

"वहिनी, हा चांगला आहे."

"असू दे, जरा उघडून बघा."

"चांगल्या यंत्राला उगाच हात लावायचा नाही," ते म्हणाले. "खोटं बोलताना तुमचा आवाज वर जातो." आणि गेले. एवढा हुशार माणूस शेजारी असणं हाही एक त्रासच आहे.

मुलीचा फोन अजून अकराला येतो. कधी सात मिनिटं, कधी नऊ. नंतर काय करतात ते कळायला मला मार्ग नव्हता. त्यांनी सांगितलं नाही आणि दार वाजलं नाही.

आणि मग, मागच्या महिन्यात कधीतरी, मी पोळ्या लाटत असताना मजल्यावर एक नवा आवाज आला. बारीक, लांबलेला, कुणी ओठ दाबून हळूच कण्हावं तसा. मी लाटणं हातात घेऊनच बाहेर आले. शिंपीणबाईंचं नव्हतं. कोपऱ्यातलं नव्हतं. समोरच्या दारात भाऊजी उभे होते, हात कडीवर.

"भाऊजी, तुमचं दार वाजलं."

"हो."

"कार्डावर तारीख असेल ना तेलाची?"

"तारीख गेली," ते म्हणाले. त्यांनी मधल्या बिजागरीकडे पाहिलं. "राहू दे."

मी पुढे काही विचारलं नाही. मला विचारायचं नव्हतं असं नाही.

आता मला त्या घरातलं सगळं कळतं. सकाळी सात वीसला वाजलं म्हणजे कामावर निघाले. सहाला वाजलं म्हणजे आले. रविवारी मात्र ते दार कामाशिवाय वाजतं. उघडतं, ते कठड्यापर्यंत येतात, जिन्यातून खाली बघतात, आत जातात, मिटतं. परवाच्या रविवारी साडेदहापर्यंत तीनदा वाजलं. मग फोन असेल, मधे शांतता. सव्वाअकराला पुन्हा. मी भांडी घासत मोजत होते. हे म्हणाले, "काय मोजतेस?" मी म्हटलं, "काही नाही." बारा वाजेपर्यंत सात झाले.

आठव्यांदा ते कण्हलं तेव्हा मी हात पुसले आणि आमचंही दार उघडलं. भाऊजी शर्टाचं बटण लावत उभे होते, पायांत चपला.

"कुठे निघालात?"

त्यांनी जिन्याकडे बघितलं, मग माझ्याकडे. "कुठेच नाही," ते म्हणाले.

"थांबा मग," मी म्हटलं, "मलाही तिकडेच जायचंय."